गप राहण्याचा सौदा

रघुभाऊ, तुमची तेरवी आटोपली. मंडपवाला काल कापड सोडून घेऊन गेला. पाहुणे नागपूर आणि छिंदवाड्याच्या गाड्या धरून पांगले. आता तुमच्याशी भांडायला मी मोकळा झालो.

गेलेल्या माणसाबद्दल गोड लिहायचं असतं, हे मला कळतं. पण सौंसरच्या मंगल कार्यालयात, भर रविवारी, दोनशे माणसांसमोर तुम्ही माझ्या माईकची वायर ओढली, आणि ते मी अजून सोडलेलं नाही. चौदा महिने आपण बोललो नाही. तुमच्या स्टुडिओवरून जाताना मी मोबाइल कानाला लावायचो, पलीकडं कोणी नसताना. तुम्ही काचेआडून पाहायचे. पलीकडं कोणी नाही हे तुम्हालाही ठाऊक होतं. तुम्ही हनुवटीला बोट लावून इशारा करायचे, "खाली घे." फोटो काढताना करायचे तसा.

तो इशारा मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा पांढुर्णा स्टेशनवर संत्र्याच्या पेट्या उचलत होतो. बाजार समितीच्या कागदासाठी फोटो पाहिजे होता. अंगात घामाचा सदरा. तुम्ही खुंटीवरचा स्टुडिओचा कोट माझ्या अंगावर चढवला, मागून चिमटे लावले आणि म्हणाले, "हनुवटी खाली, शेट." त्याआधी मला कोणी शेट म्हटलं नव्हतं. पुढं पुष्कळांनी म्हटलं, पण ते माझ्या गाड्या पाहून. तुम्ही चिमटे लावलेल्या कोटातल्या हमालाला म्हटलं. हे तुम्हाला एकदा सांगायचं होतं. तोंडात यायचं, आणि तेवढ्यात तुम्ही काहीतरी खोचक बोलायचे, मग मी भडकायचो, आणि राहून जायचं.

तुम्ही गेल्यापासून दुपारी डोळा लागतो तेव्हा मला माझं शेड दिसतं, पण रिकामं, त्या मे महिन्यातलं. मृगाच्या फळाची तोड संपली होती. पेट्या भिंतीला लावून ठेवल्या होत्या, तणसाचा वास होता आणि खाली सांडलेल्या संत्र्यांचा तो गोड, थोडा आंबूस वास, जो वर्षभर जात नाही. तुम्ही आले. काखेत लग्नात फोटो दाखवायचा प्रोजेक्टर, खिशात पेनड्राइव्ह. "झरोके बंद कर," म्हणाले. मी बारदाना टांगला. बारदान्याच्या छिद्रांतून ऊन सुतासारखं आत येत होतं आणि त्यात धूळ तरंगत होती. तुम्ही धुतलेली चादर दोन खांबांना बांधली. मग त्या चादरीवर, भर दुपारी, एक बाई चालत आली.

चेहरा पांढराफट, ओठ एवढासा. पायघोळ लुगडं, मागं लांब सुटलेलं. पाय उचलतच नव्हती, जमिनीवरून वाहत होती. झरोक्यातून वारा आला की चादर हलायची आणि वाटायचं, बाईनं श्वास घेतला.

"पाह्य नीट," तुम्ही म्हणाले. "बाई नोहे थे. मानूस होय. म्हातारा मानूस."

मी पाहिलं. गळ्याशी कंठमणी हलला. तरी ती बाईच राहिली.

मग तुम्ही सांगत बसले. जपानात सिनेमा आला तेव्हा त्यांच्याकडं नाटक तयारच होतं, काबुकी, शेकडो वर्षांचं. त्यांनी कॅमेरा आणून त्या नाटकासमोर ठेवला, प्रेक्षक बसतो त्या जागेवर, आणि हालवलाच नाही. नाटकातले पुरुष जसे बायका होत, तसेच सिनेमातही झाले. पुढं खऱ्या बाया आल्या आणि हे लोक घरी बसले. पण काही फिल्मा उरल्या. तुमच्या पोरीनं, मयूरीनं, नागपुरात बसून इंटरनेटवरून एक उतरवून दिली होती. फिल्मचं नाव काय, गोष्ट काय, आपल्याला शेवटपर्यंत कळलं नाही. मधेमधे जपानी अक्षरांच्या पाट्या यायच्या, उभ्या, मुंग्यांच्या रांगेसारख्या. मयूरी म्हणाली होती, कोणाकडून तरी वाचून घेते. तुम्हीच नको म्हटलं.

"नाव समजलं की मंग आपल्याले कराले काय राह्यलं?"

त्या दुपारी तुम्ही मला कामाची गोष्ट सांगितली. "सिनेमा मुका होता, पन खेळ मुका नव्हता. पडद्याच्या बाजूले एक मानूस उभा राहे. बेन्शी म्हनत त्याले. सगळ्या पात्राईचं तोच बोले. बाईचं, बाप्याचं, भुताचं. लोक त्याच्या नावानं तिकिटं काढत."

"मंग?"

"मंग तू उभा राह्य."

"मी? मले काय येते बे जपानी?"

"म्या कुठं जपानी म्हनलं? तुले बोंबलता येते. बाजारात उभा राहून आंबट संत्रं गोड करून इकतं तू. बाई त आधीच गोड आहे."

तुम्ही स्वतः का उभे राहिले नाही, हे मी विचारलं होतं. गावोगाव खडी गंमतीचे खेळ करत फिरलेला माणूस तुम्ही. डोक्यावरून पदर घेऊन, पायात चाळ बांधून बायकांची सोंगं केलेली. शाहीर सवाल टाकायचा, तुम्ही कमरेवर हात ठेवून जवाब द्यायचे, हे जुनी माणसं अजून सांगतात. तुम्ही एवढंच म्हणाले, "मी पाहीन. कोनीतरी पाहाले पाह्यजे."

आणि मी उभा राहिलो, रघुभाऊ. दर रविवारी, दुपारी. तोडीची माणसं यायची, बाजारातले अडते यायचे, सुमनवहिनी आणि त्यांच्या भजनातल्या बाया पुढं चटई टाकून बसायच्या. मी त्या पांढऱ्या बाईला बोलतं केलं. नवऱ्याशी भांडवलं, सासूला ऐकवलं. फिल्ममध्ये कोपऱ्यात एक माणूस फळीवर लाकडाचे ठोकळे आपटत होता, पण आवाज नव्हता. मी संत्र्याच्या पेटीवर फळकूट मारायला लागलो, बरोब्बर त्याच्या हाताबरोबर. लोक हलले. आणि तो काळ्या कपड्यातला माणूस! डोक्यापासून पायापर्यंत काळा, नटाच्या मागं वाकून येतो, बसायला चौरंग ठेवतो, लुगडं नीट करतो, जातो. एका बाईनं विचारलं, "अवं, थो काया कोन होय?"

"हमाल होय," मी म्हटलं. "त्याच्याकडं पाहाचं नाही, माय. जपानात कायद्यानं बंदी आहे."

शेड हसून फुटलं. तुम्हीही हसले. नंतर म्हणाले, "हे तू खरंच बोलला. तिकडं तसंच असते. थो दिसत असते, पन सगळे मिळून त्याले पाहत नाही." मग माझ्याकडं वळून, "तुले कसं समजलं?"

मला समजणार नाही तर कोणाला? स्टेशनवर मी अठरा वर्षं तोच होतो.

आपलं भांडण शेवटच्या पाच मिनिटांवरून होतं. फिल्मच्या शेवटी ती बाई रंगमंच सोडते. तिथून एक लांब लाकडी वाट निघते, थेट बसलेल्या लोकांमधून. त्या वाटेवरून ती जाते. भाऊ, जातच राहते. चार पावलं, थांबते. दोन पावलं, थांबते. मध्यावर मान वळवते, इतकी हळू की आधी वाटतं फिल्मच अडकली. डोळे थोडे तिरपे करते, आणि तशीच उभी राहते, चित्रासारखी. मग पुन्हा चालायला लागते आणि काळोखात जाते. संपलं.

"इथं गप राहाचं," तुम्ही म्हणाले.

"गप? इथंच त सगळे रडतीन. इथंच तिले बोलवाचं."

"नाही."

"ते नवऱ्याच्या तक्रारीले पाटलाकडं चालली. मी सांगतो न."

"ते बापाचं घर सोडून राह्यली. अन् काही सांगत नाही. पाच मिनिटं गप राह्य."

मी माझा दुपट्टा काढला आणि आपल्या दोघांच्या हातांवर टाकला. गुरांच्या बाजारात आणि आमच्या जुन्या सौद्यांत हेच चालायचं. वरून तोंडानं पाऊसपाण्याचं बोलायचं आणि दुपट्ट्याखाली समोरच्याची बोटं धरायची. जितकी बोटं, तितका भाव. आजूबाजूच्यांना काही कळत नाही. पटलं तर पंजा दाबायचा. नाही पटलं तर हात काढून घ्यायचा, राग नाही ठेवायचा. मी तुमचं एक बोट धरलं. एक मिनिट गप राहीन. तुम्ही माझी पाचही धरली.

"पाच धराचा एक फायदा आहे, शेट," तुम्ही म्हणाले. "पाच धरले की पंजा आपोआपच दाबला जाते."

मी हात काढून घेतला. हे प्रत्येक रविवारी झालं. उन्हाळा गेला, आंब्या बहाराची संत्री आली, तुटली, गाड्या भरल्या, पुन्हा शेड रिकामं झालं. मी एक, तुम्ही पाच. मी कित्येक बगीचे उभ्या उभ्या घेतले, भले भले शेतकरी दुपट्ट्याखाली हलवले. तुम्ही फोटोवाले, आणि एका बोटानं खाली उतरले नाही. आणि मी दर वेळी ती पाच मिनिटं बोलून काढली. लोक रडले. मला वाटायचं, मी जिंकून राहिलो.

मग सौंसर. तिथल्या मास्तर लोकांनी बोलावलं होतं. मंगल कार्यालयाचे पडदे ओढलेले, बाहेर सकाळचं ऊन. रामाकोन्याहून तुमच्या तरुणपणची गंमत पाहिलेले दोन म्हातारे आले होते, पुढं खुर्च्यांवर बसले होते. मी नवा सदरा घातला होता. पहिल्यांदाच माईक होता. माझा आवाज त्या हॉलच्या छताला लागून परत येत होता, आणि मला वाटलं, हाच दिवस. काळ्या माणसावर हशा, पेटीवर फळकूट, सगळं जमलं. ती बाई लाकडी वाटेवर आली. मी श्वास घेतला आणि तिच्या बापाला हाक मारायला सुरुवात केली. हो, बापालाच. तुमची गोष्ट घेतली होती मी. पाटलाची सोडून दिली होती, तुम्हाला बरं वाटावं म्हणून. हे तुम्हाला कळलं होतं का?

आणि आवाज गेला.

मी बोलतोय, ओठ हलताहेत, हात हलताहेत, हॉलमध्ये काही नाही. मला आधी कळलंच नाही. मग मागून कोणीतरी खुदकन हसलं, मग रांगच्या रांग. पडद्यावर मुकी बाई आणि बाजूला मुका मी. वळून पाहिलं तर वायर तुमच्या हातात.

सौद्यात पटत नसेल तर हात काढायचा असतो, भाऊ. माल उचलून न्यायचा नसतो. एवढंच माझं म्हणणं आहे, आणि ते बदलणार नाही. मी हॉलमधून निघालो तो थेट बसस्टँडवर. तुम्ही मागून आले, "ऐक न बे" म्हणाले. मी म्हटलं, "आता तुमीच बोला तिच्यासाठी. माया आवाज तुमाले खुपते न?" आणि मिळाली त्या गाडीत चढलो. ती छिंदवाड्याला जाणारी निघाली. रामाकोन्याला उतरून परत आलो. रागानं मी आयुष्यात बराच उलटा प्रवास केला आहे.

मागच्या महिन्यात वहिनींचा फोन आला. "याईले झटका आला भाऊजी. उजवं अंग गेलं. बोलता येत नाही. तुमी येऊन जा." मी लगेच आलो नाही. दोन दिवस वरुडकडचा एक बगीचा पाहायचा आहे, असं स्वतःला सांगत राहिलो. मग आलो. येताना जामसांवलीला थांबलो, मारुतीला शेंदूर वाहिला. तिथं देवही आडवाच आहे, म्हणून मला वाटलं, आडव्या माणसाचं तो ऐकेल.

तुम्ही खिडकीजवळच्या पलंगावर होते. दुपारच्या उन्हाचा एक पट्टा तुमच्या पायांवर पडला होता, आणि त्यात धूळ तरंगत होती, शेडात असायची तशी. मी बसलो, आणि देवा, मला काय झालं कोण जाणे, मी बोलायलाच लागलो. तब्येत विचारली नाही. सौंसर काढलं. वायर काढली. लोक कसे हसले, मी कसा बसमध्ये बसलो, चौदा महिने कसे गेले. तुम्ही पाहत होते. अर्धा चेहरा हलत नव्हता, अर्धा ऐकत होता. आयुष्यात पहिल्यांदा तुम्ही मधे बोलले नाही, आणि मला ते अजिबात आवडलं नाही.

मग तुमचा डावा हात हलला. माझ्या खांद्यावरचा दुपट्टा तुम्ही बोटांनी ओढला. मला आधी वाटलं, तोंड पुसायचं आहे. नाही. तुम्ही तो हळूहळू आपल्या दोघांच्या हातांवर घेतला. आणि त्याखाली माझी दोन बोटं धरली.

दोन.

दुसरा कोणता सौदा आपल्यात बाकी होता? पाचावरून तुम्ही दोनवर आले होते. एवढे रविवार गेले, एकदा हलले नव्हते, आणि त्या पलंगावर तीन बोटं सोडली.

आणि मी काय केलं? मी तुमचं एक बोट धरलं.

सवय, भाऊ. दुसरं काही नाही. समोरचा उतरला की आपण जागेवर राहायचं, तो अजून उतरतो. चाळीस वर्षं हाताला हेच शिकवलं. तुमच्या चेहऱ्याची चांगली बाजू हसली. तुम्ही ती दोन बोटं सोडली नाही. वहिनी चहा घेऊन आल्या, मी हात काढून घेतला आणि म्हटलं, "उद्या पाहू, भाऊ." सौदा लांबवायचा असला की आम्ही हेच म्हणतो. दुसऱ्या दिवशी मी वरुडला गेलो. तिसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही नव्हते.

दहाव्याच्या दिवशी वहिनींना मी विचारलं, "त्याईनं वायर काहून ओढली, कधी सांगतलं?"

वहिनींनी निवडायचे तांदूळ बाजूला सारले. मग म्हणाल्या, "तुमाले रामाकोन्याचं नाही सांगतलं त्याईनं?"

नाही सांगितलं. मला नाही. म्हणून इथं लिहितो, तुमचं तुम्हालाच. तुम्ही लुगडं नेसून गंमतीत उभे राहायला लागले तेव्हा तुमच्या बापानं बोलणं टाकलं होतं. तीन वर्षं घरात एक शब्द नाही. रामाकोन्याला तुम्ही सासरी निघालेल्या पोरीचं सोंग घेतलं होतं. निघायची वेळ आली, तुम्ही वळले, आणि समोर गर्दीच्या मागं, बैलगाडीला टेकून बाप उभा दिसला. तुम्ही पुढचं बोलणंच विसरले. शाहीर थांबला. ढोलकी थांबली. तुम्ही मान वळवलेली तशीच ठेवून उभे. सगळं गाव गप. आणि त्या शांततेत तुमचा बाप मागून बोलला, निघालेल्या पोरीला निरोप देताना म्हणतात तसं, "ये वं, माय."

"थे सोंगाले बोलले का याईले, कोनाले समजलं नाही," वहिनी म्हणाल्या. "पन बोलले. याईनं मले कितीदा सांगतलं. म्हनत, मले जर बोलनं आठोलं असतं, त माया बाप बोललाच नसता."

सौंसरला पुढच्या रांगेत ते रामाकोन्याचे दोन म्हातारे बसले होते. तुम्हाला त्या दिवशी ती पाच मिनिटं कशासाठी पाहिजे होती, हे मला आता कळतं. सांगायचं होतं ना! मी भांडकुदळ आहे, बहिरा नाही. एक शब्द टाकला असता तर मी वायर स्वतः काढून तुमच्या हातात दिली असती. नसतीही दिली. मला माझं ठाऊक आहे. पण सांगायचं होतं.

तेरवीचं जेवण झाल्यावर मी शेडाचे झरोके बंद केले. बारदाना टांगला, चादर बांधली. मयूरीनं प्रोजेक्टर लावला. वहिनी पुढं चटईवर बसल्या, बाकीचे मागं. मी नेहमीच्या जागी उभा राहिलो. बोललो, हसवलं, तुमच्या तेरवीला हसवलं, लोकांनी डोळे पुसत हसून घेतलं. पेटीवर फळकूट मारलं. मग ती बाई लाकडी वाटेवर आली आणि मी फळकूट खाली ठेवलं.

गप राहणं फार कठीण आहे, रघुभाऊ. पहिलं मिनिट माझं होतं, ते गेलं. दुसरं तुम्ही मागितलेलं, तेही गेलं. मग मला ऐकू यायला लागलं. प्रोजेक्टरचा पंखा. टिनावर कावळ्याचं चालणं. कोणाच्या तरी बांगड्या. वाऱ्यानं चादर हलली, ती बाई मध्यावर थांबली आणि मान वळवायला लागली, हळू, हळू, आणि ते पांढरं तोंड आपल्याकडं पाहत उभं राहिलं. मला वाटलं, आता मी बोललो नाही तर माझा जीव जाईल.

तेव्हा पुढच्या चटईवरून वहिनी म्हणाल्या, "या बरं."

एवढंच. बोलल्या की पुटपुटल्या, मलाच ऐकू आलं असेल. ती बाई वळली आणि चालायला लागली. इतके रविवार मी माझ्या आवाजानं हे किती जणांचं बुजवलं असेल, देव जाणे.

वायर ओढली ती चूकच होती. ते मी सोडत नाही, वर आलो की पुन्हा काढीन. पण पाच मिनिटं पूर्ण झाली तेव्हा मी अंधारात दुपट्टा माझ्या हातांवर घेतला, आणि माझ्याच उजव्या हाताची पाचही बोटं डाव्या हातानं धरली. तुम्ही म्हटलं होतं तेच खरं निघालं. पंजा आपोआप दाबला गेला.